तात्सुया नाकादाई: सत्तर वर्षांची कारकीर्द, सुरुवात कुठून करावी?

चौकटीबाहेर

जपानी नट म्हटलं की आपल्याकडे तोशिरो मिफुनेचं नाव निघतं आणि चर्चा कुरोसावाच्या सामुराईपटांपाशी थांबते. त्याच काळात, बऱ्याचदा त्याच चित्रपटांत, मिफुनेच्या समोर तलवार घेऊन उभा असलेला दुसरा माणूस म्हणजे तात्सुया नाकादाई. जन्म १३ डिसेंबर १९३२, टोकियो; मृत्यू ८ नोव्हेंबर २०२५, वयाच्या ९२ व्या वर्षी. चित्रपटांची संख्या शंभरावर, आणि शेवटच्या वर्षापर्यंत रंगभूमीवर उभा.

हा इतका काळ कसा टिकला, याचं उत्तर मला त्याच्या एका निर्णयात दिसतं. १९५३ मध्ये शोचिकू, तोहो, दाईएई, शिनतोहो आणि तोएई या पाच कंपन्यांनी एकमेकांचे नट-दिग्दर्शक पळवायचे नाहीत, असा करार केला होता. नट एका कंपनीशी बांधला गेला की ती देईल ते चित्रपट करायचे आणि दुसऱ्या कंपनीच्या दिग्दर्शकाकडे जायचं नाही. नाकादाईने असा बांधून घेणारा करार केला नाही. वर्षाचा साधारण अर्धा भाग नाटकाला राखायचा, उरलेल्यात चित्रपट. त्यामुळे कोबायाशी (शोचिकू), कुरोसावा आणि नारुसे (तोहो), इचिकावा (दाईएई) या सगळ्यांकडे त्याने एकाच सुमारास काम केलं. १९५८ ते १९६८ या दहा वर्षांतली त्याची यादी बघा, जपानी चित्रपटाच्या सुवर्णकाळाची अनुक्रमणिकाच आहे ती.

शिक्षण हाइयुझाच्या नाट्यशाळेत, १९५२ पासून. हाइयुझा ही कोरेया सेंदा यांनी इतरांसोबत १९४४ मध्ये काढलेली नाटक मंडळी. तिथलं नाटक म्हणजे शिंगेकी, पाश्चात्त्य धर्तीचं आधुनिक नाटक. काबुकीच्या (पारंपरिक जपानी नाटकाच्या) घराण्यातून आलेला हा नट नव्हे, हे आधी लक्षात ठेवावं, कारण तलवार, किमोनो आणि चाल या गोष्टी त्याला नंतर, चित्रपटाच्या सेटवर शिकाव्या लागल्या.

पहिल्यांदाच बघणाऱ्याला माझा क्रम असा: 'योजिम्बो' (१९६१), 'सांजुरो' (१९६२), मग 'हाराकिरी' (१९६२), मग 'रान' (१९८५). तुम्ही काय सुचवाल?

शेवंता

क्रमाशी सहमत नाही. 'योजिम्बो'पासून सुरुवात केली की नाकादाई 'मिफुनेचा खलनायक' म्हणून डोक्यात बसतो आणि तो शिक्का पुसायला वेळ लागतो. 'योजिम्बो'त तो उशिरा येतो, गळ्यात चौकड्यांचा मफलर, किमोनोच्या आत पिस्तूल. भूमिका देखणी आहे, पण एका रेषेत चालणारी.

'हाराकिरी'पासून सुरुवात करा. १३३ मिनिटं, कोबायाशीचं दिग्दर्शन, शिनोबु हाशिमोतोची पटकथा, तोरु ताकेमित्सुचं संगीत (बिवा हे जपानी तंतुवाद्य नीट ऐका). काळ १६३०. त्सुगुमो हानशिरो नावाचा बेकार सामुराई ई घराण्याच्या वाड्यात येतो आणि अंगणात पोट फाडून मरण्याची परवानगी मागतो. चित्रपटाचा मोठा भाग तो एका पांढऱ्या चटईवर बसून बोलतो. तलवारबाजी शेवटाकडे.

इथे नाकादाई २९ वर्षांचा आहे आणि नातू असलेला माणूस रंगवतोय. मुलीच्या भूमिकेतली शिमा इवाशिता त्याच्यापेक्षा फक्त आठेक वर्षांनी लहान. तरी ते खटकत नाही, आणि त्यात दाढीपेक्षा आवाजाचा हात मोठा आहे. बसलेल्या प्रसंगांत तो छातीच्या तळातून, वाक्यांमध्ये लांब थांबे घेत बोलतो. फ्लॅशबॅकमध्ये, जावई आणि नातवाबरोबर असताना, तोच आवाज वर येतो, हलका होतो, हसतो. दुसऱ्यांदा बघाल तेव्हा फक्त हा फरक ऐका. दुःखामुळे माणूस किती म्हातारा झाला, ते या दोन आवाजांतल्या अंतरावरून कळतं.

खडीसाखर

शेवंता, पूर्ण अनुमोदन. त्यात एक भर. तेत्सुरो तांबाबरोबरचं द्वंद्व वाऱ्याने झोपलेल्या गवतात आहे. त्यात खऱ्या तलवारी वापरल्या होत्या, असं नाकादाईने मुलाखतींत सांगितलंय. ते माहीत असलं की दोघांमधलं अंतर आणि हालचालीतला जपून टाकलेला संथपणा वेगळाच दिसतो. कोबायाशीने वेग कापाकापीतून आणलेला नाही. माणसं दूर उभी, पवित्रा बदलतात, वारा वाहतो.

सावधगिरीची सूचना: २०११ मध्ये ताकाशी मीइकेने याच कथेवर पुन्हा चित्रपट केला, तोही त्रिमितीत. शोधताना तोच आधी समोर येण्याची शक्यता आहे. साल १९६२ आणि दिग्दर्शक मासाकी कोबायाशी, एवढं तपासून घ्या. कृष्णधवल आणि रुंद पडदा असेल तर बरोबर.

तिसरीघंटा

चालीचा विषय निघालाच आहे तर 'सेव्हन सामुराई' (१९५४) राहून चालणार नाही. शेतकरी गावात सामुराई शोधत फिरतात तिथे रस्त्यावरून काही बेकार सामुराई जातात. त्यातला एक नाकादाई. श्रेयनामावलीत नाव नाही आणि पडद्यावर काही सेकंद. पण त्या काही सेकंदांसाठी कुरोसावाने त्याला सकाळपासून दुपार उलटेपर्यंत चालायला लावलं होतं.

चूक काय होत होती, हे समजून घेण्यासारखं आहे. बूट घालून वाढलेला माणूस टाच आधी टेकवतो आणि पाऊल टाकताना डोकं वरखाली होतं. सामुराईची चाल कमरेतून. गुडघे किंचित वाकलेले, पाय जमिनीला जवळजवळ घासत पुढे, डोकं एका पातळीत. शिवाय डाव्या कमरेला दोन तलवारींचं वजन. नवखा नट ते वजन तोलायला उजवीकडे झुकतो किंवा डावा हात उगाच मुठीवर ठेवतो, आणि लगेच तलवार उसनी वाटते.

आता 'योजिम्बो'त पाहा. सात वर्षांनी तोच माणूस तसाच रस्ता चालतो, तोही जाणूनबुजून वेगळ्या लयीत, कारण त्याचं पात्र, उनोसुके, पिस्तुलवालं आहे आणि त्याचा हात तलवारीकडे जातच नाही. म्हणून मी 'योजिम्बो' यादीतून काढणार नाही, फक्त दुसरा ठेवीन.

चौकटीबाहेर

मान्य, 'हाराकिरी' आधी. 'सांजुरो' मात्र तिसऱ्या जागी हवाच, शेवटच्या द्वंद्वासाठी. दोघे समोरासमोर हाताच्या अंतरावर उभे, अर्ध्या मिनिटाच्या आसपास काहीच घडत नाही, आणि मग एकच वार. मिफुने डाव्या हाताने तलवार उलटी उपसतो आणि उजव्या हाताने पात्याला मागून रेटा देतो, कारण इतक्या जवळून नेहमीसारखी लांब उपसणी शक्यच नाही. नाकादाईच्या कपड्यांखाली रक्ताची नळी होती. ती अपेक्षेपेक्षा कितीतरी जास्त दाबाने फुटली आणि कारंजं उडालं. कुरोसावाने तोच टेक ठेवला. त्या धक्क्यात नाकादाई कोसळून न पडता क्षणभर उभा राहतो, ते पाहा.

नवापाहुणा

नाकादाईचा, कोबायाशीने केलेला 'द ह्यूमन कंडिशन' साडेनऊ तासांचा आहे म्हणे. आमच्या छोट्या चित्रपट मंडळात एका दिवसात दाखवणं शक्य आहे का? की तीन वेगवेगळे दिवस घ्यावेत?

खडीसाखर

शक्य आहे, पण वेळापत्रक कडक पाळावं लागेल. तीन चित्रपट आहेत आणि प्रत्येकाचे आत दोन भाग, म्हणजे एकूण सहा. पहिला २०८ मिनिटं, दुसरा १८१, तिसरा १९०. बेरीज ५७९, म्हणजे ९ तास ३९ मिनिटं. प्रत्येक चित्रपटात दोन भागांच्या मध्ये १० मिनिटांची सुट्टी धरा.

सकाळी ९ वाजता पहिला, तो १२:३८ ला संपतो. जेवण. दुपारी १:३० ला दुसरा, ४:४१ पर्यंत. चहा. ५:१५ ला तिसरा, रात्री ८:३५ ला शेवट. मधली सुट्टी भागाच्या शेवटीच घ्या, तासाच्या हिशोबाने मध्येच तोडू नका. जेवण हलकं ठेवा, कारण दुसऱ्या चित्रपटाचा पहिला अर्धा भाग बराकीतला आहे आणि त्यातला छळ सलग बसून बघणं सोपं नाही. सार्वजनिक प्रदर्शन असेल तर हक्कधारकाकडून परवानगी लागते. घरगुती डिस्कवर ती आपोआप मिळत नाही.

तीन दिवस घेणार असाल तर सलग तीन घ्या. आठवड्याचं अंतर पडलं की काजीचं (नाकादाईच्या पात्राचं) शरीर कसं झिजत गेलं, ते डोळ्यांना जाणवत नाही. चित्रपट जानेवारी १९५९, नोव्हेंबर १९५९ आणि जानेवारी १९६१ असे आले. म्हणजे नटाच्या चेहऱ्यावर खरोखरच काळ गेलाय.

शेवंता

यावर थोडं अधिक. कथा जुनपेई गोमिकावाच्या कादंबरीची. काजी हा जपानच्या ताब्यातल्या मांचुरियात खाणीवर मजुरांचा अधिकारी म्हणून जातो, चिनी कैद्यांना माणसासारखं वागवायला बघतो, मग सैन्यात ढकलला जातो, मग पराभव, सोव्हिएत कैद आणि शेवटी बर्फ. कोबायाशी स्वतः युद्धात सक्तीने भरती होऊन मांचुरियात होता, बढती नाकारून साधा शिपाईच राहिला आणि शेवटी ओकिनावात युद्धकैदी झाला. चित्रपटातला मांचुरिया प्रत्यक्षात होक्काइदो आहे.

पहिल्या चित्रपटात नाकादाई ताठ, इस्त्रीच्या कपड्यांत आणि थोडा पुस्तकी बोलतो. अनेकांना तो तिथे कोरडा वाटतो आणि ते पुढचं बघणं सोडून देतात. तो कोरडेपणा हवा आहे. काजीचा आदर्शवाद अजून अंगाला लागलेला नाही, तोंडातच आहे. तिसऱ्यापर्यंत शब्द संपतात आणि उरतात डोळे. त्याचे ते प्रसिद्ध मोठे डोळे इथे पहिल्यांदा पूर्ण वापरले गेले.

रीळक्रमांक४

आवृत्त्यांचा घोळ कुणी लिहिला नाही, म्हणून लिहितो. दोन ठिकाणी फसगत होते.

'क्वाइदान' (१९६४). चार भुताच्या कथा, मूळ लांबी १८३ मिनिटं. नाकादाई दुसऱ्या कथेत आहे, 'बर्फाची बाई', लाकूडतोड्या मिनोकिची. अमेरिकेत प्रदर्शनाच्या वेळी नेमकी हीच कथा पूर्ण कापली गेली. तुमच्या प्रतीची लांबी दोन तासांच्या आसपास असेल आणि तीनच कथा असतील, तर नाकादाई त्यात नाहीच. ही कथा स्टुडिओत, रंगवलेल्या आभाळाखाली चित्रित झाली आहे आणि त्या आभाळात मोठाले डोळे आहेत. ते डोळे दिसले की प्रत पूर्ण आहे.

'कागेमुशा' (१९८०). जपानी आवृत्ती १८० मिनिटं, परदेशी १६२. दोन्ही अधिकृत आहेत. जमलं तर १८०.

रुंदीबद्दल: 'हाराकिरी', 'योजिम्बो', 'सांजुरो', 'हाय अँड लो' हे सगळे २.३५ गुणोत्तराचे (चौकटीची रुंदी उंचीच्या २.३५ पट). टीव्हीवर पूर्ण पडदा भरलेला दिसत असेल तर कडा कापल्या आहेत. कोबायाशीच्या चौकटीत माणसं कडेलाच बसतात, त्यामुळे अख्खी पात्रं गायब होतात. 'रान' १.८५ आहे, तिथे हा त्रास कमी.

धुरकट

'द सोर्ड ऑफ डूम' (१९६६) बघितला. शेवट म्हणजे चित्र मध्येच गोठतं आणि संपतं. प्रत खराब आहे का?

रीळक्रमांक४

प्रत बरोबर आहे, तो असाच संपतो. काइझान नाकाझातोची मूळ कादंबरी १९१३ पासून क्रमशः आली, प्रचंड लांबत गेली आणि १९४४ मध्ये लेखक वारला तेव्हाही अपुरीच होती. ओकामोतोचा चित्रपट तिच्या सुरुवातीच्या भागावर बेतलेला, पुढचे भाग येणार या हिशोबाने. ते आलेच नाहीत. म्हणून उपकथानकं लोंबकळत राहतात, मिफुनेने रंगवलेल्या तलवार-गुरूचं पुढे काय झालं तेही कळत नाही.

मला विचाराल तर शेवट यामुळेच भयंकर झालाय. नाकादाईचा र्युनोसुके आता थांबूच शकत नाही, आणि चित्रपटही त्याला थांबवत नाही. नाकादाईचा पवित्रा बघा: तलवारीचं टोक खाली, शरीर सैल, समोरच्याला वाटावं याचं लक्षच नाही. प्रतिस्पर्धी पुढे सरसावतो आणि तिथेच मरतो.

याच्या उताऱ्याला लगेच 'किल!' (१९६८) बघा. दिग्दर्शक ओकामोतोच, नट तोच, पण हा भणंग, भुकेला, मिश्कील माणूस. दोन वर्षांच्या अंतराने केलेल्या या दोन भूमिका शेजारी ठेवल्या की त्याचा आवाका कळतो.

तिसरीघंटा

'रान'बद्दल हात आखडता घेतलाय सगळ्यांनी. तिथे नाकादाई 'अति करतो' असा आक्षेप नेहमी येतो, म्हणून लिहितो.

'रान' म्हणजे 'किंग लिअर' आणि सोळाव्या शतकातला सरदार मोरी मोतोनारी यांची सांगड. लिअरला मुली आहेत, इथे हिदेतोराला तीन मुलगे. कुरोसावाने हिदेतोराचा (नाकादाईचा) चेहरा 'नो' या पारंपरिक जपानी नाटकातल्या मुखवट्यांवरून घडवला. रंगभूषेला रोज सुमारे चार तास. त्या जाड रंगाखाली चेहऱ्याच्या बारीक हालचाली पोचतच नाहीत, म्हणून नटाला डोळे, मान आणि अख्खं धड वापरावं लागतं. नाकादाई इथे वास्तववादी अभिनय करतच नाही, तो जिवंत मुखवटा आहे. हे धरून पाहिलं तर तिसऱ्या किल्ल्यानंतरचा शून्यातला चेहरा अति वाटणार नाही.

तो किल्ला फुजी पर्वताच्या उतारावर प्रत्यक्ष बांधला आणि प्रत्यक्ष जाळला. दुसऱ्या टेकची सोयच नव्हती. नाकादाईने जळत्या इमारतीतून, धुरातून, लांब अंगरख्यात, पायऱ्यांकडे न बघता उतरायचं होतं. पाय अडकला असता तर सगळं गेलं असतं. त्याआधीच्या लढाईत आवाज पूर्ण बंद आहे, फक्त ताकेमित्सुचं संगीत, आणि बंदुकीच्या एका बाराने आवाज परत येतो. तुमच्या प्रतीत तिथे शांतता दिसली म्हणून आवाज वाढवू नका, तो बार कानठळ्या बसवेल.

बघण्याआधी विंदा करंदीकरांचा 'राजा लिअर' हा अनुवाद वाचला तर मूळ नाटक आपल्या भाषेच्या लयीत डोक्यात राहतं आणि कुरोसावाने काय बदललं ते पटकन दिसतं. वयाचंही एक: 'रान' आला तेव्हा नाकादाई ५२ चा होता आणि म्हातारा सत्तरीचा. आपल्याकडे डॉ. लागूंनी १९७० मध्ये 'नटसम्राट' केलं तेव्हा ते ४३ चे होते. तरुण नटाने म्हातारपण उभं करणं ही दोन्हीकडच्या रंगभूमीची जुनी कसोटी आहे.

खडीसाखर

'कागेमुशा'ची एक गोष्ट राहिली. मुख्य भूमिका आधी शिंतारो कात्सुची होती. चित्रीकरणाच्या सुरुवातीलाच त्याचं कुरोसावाशी बिनसलं, तो गेला आणि नाकादाई आला. भूमिका दुहेरी: सरदार ताकेदा शिंगेन आणि त्याच्यासारखा दिसणारा चोर. पहिलाच प्रसंग स्थिर कॅमेऱ्यावर सुमारे सहा मिनिटांचा. एकाच चौकटीत शिंगेन, त्याचा भाऊ (त्सुतोमु यामाझाकी) आणि चोर. दोन नाकादाई एकाच खोलीत आहेत, तरी कोण कोण हे पाठीच्या कण्यावरून ओळखू येतं. १९८० च्या कान महोत्सवात या चित्रपटाला 'पाम द'ओर' हा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला.

शेवंता

तलवारी पुरे. तीन आधुनिक चित्रपट नोंदवून ठेवा. नारुसेचा 'व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स' (१९६०): टोकियोतल्या गिंझा भागातल्या बारचा व्यवस्थापक, हिदेको ताकामिनेच्या समोर, जवळजवळ काहीच न करता. कुरोसावाचा 'हाय अँड लो' (१९६३): पोलीस अधिकारी तोकुरा. पहिला अर्धा मिफुनेचा, दुसरा अर्धा पूर्ण तपासाचा आणि त्याची सूत्रं नाकादाईकडे. खंडणीची बॅग सात सेंटिमीटरपेक्षा कमी जाडीची का लागते, हे आगगाडीत कळतं. आणि तेशिगाहाराचा 'द फेस ऑफ अनदर' (१९६६), कोबो आबेच्या कादंबरीवरून. बराच वेळ चेहरा पट्ट्यांत गुंडाळलेला. फक्त आवाजावर भूमिका कशी चालते, ते शिकायला हा सर्वोत्तम.

तिसरीघंटा

नाटकाची बाजू थोडक्यात, कारण ती नोंदवली नाही तर अर्धी कारकीर्द सुटते. १९६४ मध्ये हाइयुझात हॅम्लेट. १९७५ मध्ये पत्नी यासुको मियाझाकी (लेखनातलं नाव तोमोए र्यू) हिच्यासोबत 'मुमेइजुकु' ही शाळा काढली. नावाचा अर्थ 'अनामिकांची शाळा'. विद्यार्थ्यांकडून फी घेतली जात नसे. अभिनेता कोजी याकुशो इथलाच. तो आधी टोकियोच्या चियोदा वॉर्डाच्या कार्यालयात नोकरीला होता. जपानीत सरकारी कार्यालयाला 'याकुशो' म्हणतात आणि नाकादाईने तेच त्याचं नाव ठेवलं. २०२३ मध्ये 'परफेक्ट डेज'साठी त्याला कानचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. वर खडीसाखर यांनी म्हटलेल्या २०११ च्या 'हाराकिरी'त वाड्याच्या कारभाऱ्याची भूमिका याकुशोनेच केली आहे. गुरूच्या हानशिरोसमोर बसलेल्या माणसाची भूमिका शिष्याच्या वाट्याला आली.

नोतो द्वीपकल्पातल्या नानाओ शहरात मंडळीचं दुसरं घर, नोतो एंगेकीदो हे नाट्यगृह. रंगमंचाची मागची भिंत उघडते आणि मागचा डोंगर-मोकळी जागा नाटकात येते. १ जानेवारी २०२४ च्या भूकंपाने तो प्रदेश उद्ध्वस्त झाला. २०२५ मध्ये, ९२ व्या वर्षी, त्याच नाट्यगृहात नाकादाईने ब्रेख्तची 'मदर करेज' केली. स्त्री भूमिका, युद्धात गाडा ओढत पोरं गमावणारी आई.

धुरकट

उतारवयातले चित्रपट कोणते बघावेत? आणि मुलांबरोबर बसून बघता येईल असं काही?

शेवंता

उतारवयासाठी 'हारूज जर्नी' (२०१०) आणि 'जपान्स ट्रॅजेडी' (२०१२). दोन्हींचा दिग्दर्शक मासाहिरो कोबायाशी. मासाकी कोबायाशी वेगळा, दोघांची गल्लत नेहमी होते. पहिल्यात लंगडणारा, हट्टी म्हातारा नातीला घेऊन भावंडांच्या दारोदार फिरतो.

मुलांबरोबर 'हाचिको मोनोगातारी' (१९८७). कुत्र्याचा मालक प्राध्यापक उएनो म्हणजे नाकादाई. रिचर्ड गेअरचा अमेरिकी चित्रपट याच्यावरूनच झाला. आणि ताकाहाताचा अ‍ॅनिमेशनपट 'द टेल ऑफ द प्रिन्सेस कागुया' (२०१३). त्यात डोंगरात कोळसा पाडणाऱ्या म्हाताऱ्याचा आवाज नाकादाईचा आहे, म्हणून इंग्रजी डबिंग न लावता जपानी ध्वनिपट्टी लावा. राजकन्या आपलं जुनं गाव शोधत परत येते आणि तिथे सगळं उजाड असतं, तो प्रसंग. एक-दोन मिनिटांचाच आहे. झाडं मेलेली नाहीत, वसंताची तयारी करताहेत, असं तो तिला सांगतो. 'हाराकिरी'च्या अंगणातला आवाज एक्कावन्न वर्षांनी तसाच खोल आहे, फक्त त्यात आता कुणावर राग नाही.